उशिरा लिहिलेलं पत्र

आमच्या कारखान्याच्या टाइम ऑफिसात नलिनी देवपुजारी माझ्या शेजारच्या टेबलावर बसायच्या. कारखान्याच्या भोपाळमधल्या वसाहतीत भारताकडून हॉकी खेळलेल्या त्या एकट्याच. पण नव्या माणसाला ते सांगावं लागे. खुर्चीतून उठताना टेबलावर टेकवलेला हात तेवढा आधी दिसायचा.

वडील नागपूरचे. राजधानी नागपूरहून हलली तेव्हा ऑफिसाबरोबर भोपाळला आले, टी. टी. नगरच्या सरकारी क्वार्टरमध्ये. गल्लीतली पोरं हॉकी खेळत, म्हणून नलिनीही खेळली. बाविसाव्या वर्षी भारतीय संघात बचावाला, फुलबॅक झाली आणि त्याच जोरावर कारखान्यात लागली. सकाळी मैदान, दिवसभर हजेरीची कार्डं, संध्याकाळी पुन्हा मैदान.

मग परदेशात कृत्रिम मैदानं आली. चेंडू दुप्पट वेगानं यायला लागला. भोपाळात तसं मैदान नव्हतं, म्हणून नलिनीताई वसाहतीतल्या शाळेच्या सिमेंटच्या बास्केटबॉल कोर्टवर एकट्या सराव करायच्या. दोन वर्षं. गुडघे तिथेच गेले. डॉक्टरांनी डाव्या गुडघ्यातलं पाणी काढलं आणि सहा महिने विश्रांती सांगितली. ताईंनी भारतीय संघाच्या शिबिरात कोणाला कळू दिलं नाही.

"सहा महिन्यांत माझी जागा गेली असती," त्या मला म्हणाल्या होत्या.

भारताकडून बेचाळीस सामने खेळल्या. शेवटचा परदेशातला. बरोबरी होती, तीन मिनिटं उरली होती. समोरच्या संघातली मुलगी चेंडू घेऊन आत वळली. ताईंचा गुडघा वळलाच नाही.

"गोल मी बघितला नाही," त्या म्हणाल्या. "चेंडू गोलच्या फळीवर आपटल्याचा आवाज ऐकला फक्त."

अहवालात दोष आला गोलकीपरवर. जबलपूरची सुलभा, वय एकवीस. पुढच्या शिबिराच्या यादीतून तिचं नाव गेलं, ताईंचं राहिलं. पाच महिने ताई गप्प बसल्या. मग एका दुपारी, जेवणाच्या सुट्टीत, हॉकी संघटनेला पत्र लिहिलं: माझा गुडघा निकामी होता, मी तो लपवला, चूक सुलभाची नव्हती.

महिन्याभरात ताईंनाही वगळलं. सुलभाला मात्र परत घेतलं नाही. नवी गोलकीपर रुळली होती.

एवढं झाल्यावर तरी सुटका व्हायला हवी होती. पण नोकरी खेळाडू म्हणून मिळालेली, म्हणून कारखान्याच्या संघातून खेळणं सुटेना. ताईंनी तीनदा अर्ज केला. आमचे साहेब प्रेमानंच म्हणायचे, "मॅडम, आप बस मैदान पर दिखती रहिए. आपके नाम से ही टीम है." ताई दोन्ही गुडघ्यांना पट्ट्या बांधून अर्धा सामना उभ्या राहायच्या आणि दुसऱ्या दिवशी माझ्या आधी ऑफिसात असायच्या. सदतीस वर्षांच्या होत्या तेव्हा.

त्याच वर्षी सुलभा एका शाळेचा संघ घेऊन भोपाळला आली आणि विचारत विचारत आमच्या ऑफिसात पोचली. ताई उठायला लागल्या, तर तिनंच खांद्याला धरून बसवलं.

"तुमचं पत्र मला चार वर्षांनी कोणीतरी दाखवलं," सुलभा म्हणाली. "उशीर केलात, ताई."

"हो."

"तेव्हाच बोलला असतात तर मी खेळले असते."

"माहीत आहे मला."

मी चहा मागवला. मग सुलभानं आपल्या शाळेतल्या मुलींचं काहीतरी सांगितलं, ताईंनी दोन प्रश्न विचारले. जाताना सुलभा म्हणाली, "आता तरी थांबा. कोणासाठी खेळताय?" माफ केलं असं ती म्हणाली नाही. ताईंनी तशी अपेक्षाही केली नसावी.

दुसऱ्या दिवसापासून ताई मैदानावर गेल्या नाहीत. आठवड्यानं खुलासा मागणारा कागद आला. त्यांनी त्याच्याखालीच लिहिलं, 'मी थकले आहे. यापुढे खेळणार नाही,' आणि सही केली. त्यांची नोकरी जाईल असं मला वाटलं. चार महिन्यांनी हुकूम आला: साधी कारकुनी, पगार तोच, बढती नाही.

ताईंनी हुकूम वाचला, फायलीत लावला. "कल्पना, साडेपाचची बस पकडू या का आज?" त्यांनी मला विचारलं. आम्ही पकडली. खिडकीशी बसल्या बसल्या त्यांना झोप लागली. त्यांचा थांबा आला तरी मी उठवलं नाही. शेवटच्या थांब्यापर्यंत दोघी गेलो आणि त्याच बसनं परत आलो.