डोळे मागत फिरताना

डोळे मागत फिरणाऱ्या माणसाकडे डोळे जमत नाहीत, किस्से मात्र ढिगानं जमतात. बहात्तरचा दुष्काळ सरल्यानंतरची ही वर्षं. कराडात एका डोळ्यांच्या दवाखान्यात मी सिस्टर होते. बुबुळ बदलून आंधळ्याला दिसू शकतं, हे आमच्या डॉक्टरांनी शिकून आणलं होतं. बदलायला बुबुळ हवं, आणि ते मेलेल्याचंच मिळतं. म्हणून कुठे मयत झाली कळलं की बर्फाचा थर्मास घेऊन फटफटीवर निघायचं. पुढं डॉक्टर, मागं मी.

पहिला मान एका साखर कारखान्याच्या चेअरमनसाहेबांचा. नेत्रदानाच्या सभेत त्यांनी आपलेच नव्हे, अख्ख्या घराण्याचे डोळे समाजाला अर्पण केले. हार, फोटो, टाळ्या. वर्षाच्या आत त्यांचे वडील वारले. आम्ही पोचलो. साहेबांनी डॉक्टरांना बाजूला घेतलं आणि समजूत काढल्यासारखं म्हणाले, "आवं डॉक्टर, ते भाषण हुतं."

रहिमतपूरला एक हेडमास्तर होते, विज्ञान शिकवायचे. डोळे दिले तर पुढच्या जन्मी आंधळं व्हावं लागतं, असं त्यांचं मत. डॉक्टरांनी विचारलं, मग जाळले तर कसे मिळतात? सर जराही अडखळले नाहीत. "जाळलेले देवाकडे पोचतात. दिलेले सरकारकडे जातात."

मलकापूरच्या म्हातारीचं आठवलं की अजून डोकं फिरतं. मोतीबिंदूनं दिसेनासं झालेलं, भिंत चाचपत परसात जायची. फुकट ऑपरेशन करतो म्हणून डॉक्टरांनी तिच्या मुलांना कितीदा निरोप धाडला. पण उसाला तोड आलेली, सवड कुणाला? मोतीबिंदू झाला तरी बुबुळ चांगलं राहतं, म्हणून ती गेल्यावर आम्ही विचारायला गेलो. तिघं भाऊ अंगावर धावून आले. थोरला म्हणाला, "आमच्या आईच्या डोळ्याला हात लावायचा न्हाई." डॉक्टर म्हणाले, "लावू दिला असता तर मरताना तुमची तोंडं दिसली असती तिला." परत येताना मला म्हणाले, न दिसली तेच बरं झालं.

शिकलेल्यांकडून तरी आशा ठेवावी, तर सांगलीच्या डॉक्टरमंडळींच्या सभेत आमच्या डॉक्टरांनी तासभर स्लाइड दाखवल्या. प्रश्न एकच आला, जेवण व्हेज आहे का. मग विचारलं, तुमच्यापैकी कोण डोळे देणार? शेवटी एक बडे सर्जन उठले. "हे बघा, देणाऱ्यांचं तुम्ही बघा. घेणारे आम्ही पाठवतो."

पाठवले मात्र. त्यातलेच एक आप्पा, मोठे बागायतदार. एक डोळा आधीच गेलेला, दुसऱ्याचं बुबुळ उसाचं पातं लागून पांढरं झालेलं. आल्या आल्या त्यांनी विचारलं, बसवणार तो डोळा कुणाचा? "माणसाचा," डॉक्टर म्हणाले. आप्पांना ते पुरेसं वाटलं नाही, पण आंधळा माणूस किती ताणणार?

त्याच आठवड्यात आमच्या वॉर्डबॉयची, दगडूची आई गेली. आम्ही विचारायच्या आत तोच दारात येऊन उभा राहिला. "सायेब, तुमी गावभर मागताय. माज्या आयचं घ्या." त्याच दिवशी तिचं बुबुळ आप्पांना बसवलं. डोळा कुणाचा ते कुणी बोलायचं नाही, अशी डॉक्टरांची सक्त ताकीद.

तेव्हा अशा पेशंटच्या दोन्ही डोळ्यांवर पट्टी असे आणि डोकं हलू नये म्हणून दोन्ही बाजूंना वाळूच्या पिशव्या. आप्पांना भरवणं, पुसणं, पाणी पाजणं सगळं दगडूकडे. आप्पा भारी खूश. म्हणायचे, "पोटच्या पोरापरीस तू बरा हायस गड्या. तुज्या आयनं पुण्य केलं आसंल." दगडू पुढचा घास भरवायचा.

पट्टी सुटली. आप्पांना धूसर का होईना, दिसायला लागलं. खिडकी दिसली, डॉक्टर दिसले. मग पाण्याचा पेला घेऊन उभा असलेला दगडू दिसला. आप्पांनी त्याला नवीन डोळ्यानं खालपासून वरपर्यंत नीट न्याहाळलं आणि पुढं केलेला हात मागं घेतला.

"तू कुणातला रं?"

दगडूनं पेला टेबलावर ठेवला.

"आता तुमच्यातलाच, आप्पा."