मास्तरांचा अंगठा आणि बाइंडरचा गुडघा

माणूस दुसऱ्याच्या मोडक्या गुडघ्यावरही जळू शकतो, हे मला आमच्या वरच्या मजल्यावरच्या टेलरमास्तरांमुळे कळलं.

मनगटाच्या साध्या ऑपरेशनमध्ये मास्तरांची नस कापली गेली आणि उजवा अंगठा लाकडासारखा झाला. कात्री धरता येईना. डॉक्टरांनी लिहून दिलं, वयोमानाने होतं असं. गल्लीने त्यात आपली भर घातली: मास्तर पीत असणार. तेव्हापासून मास्तरांना एकच कागद हवा होता, चूक डॉक्टरांची असं लिहिलेला. डॉक्टरांच्या चुका तपासणाऱ्या चौकशी समितीकडे तक्रार केली. पाच वर्षं उत्तर तेच, "तज्ज्ञांचा अहवाल यायचा आहे." तोवर कापड त्यांची बायको, म्हणजे आमच्या वहिनी कापायच्या, चुका मास्तर काढायचे.

तळमजल्यावर पुस्तकं बांधणाऱ्या बाइंडरचा गुडघा त्याच डॉक्टरांनी बिघडवला, पण बराच नंतर. त्याचीही तक्रार समितीकडे पडून. शेवटी तो कोर्टात जायला निघाला, तेव्हा अर्ज घेऊन वर आला.

"मास्तर, दोघं मिळून सही करू."

मास्तरांनी कागद लांब धरून वाचला. "तुझं नाव वर? तक्रार माझी आधीची."

"वकिलाने लिहिलंय हो."

"मग वकिलाचीच सही घे."

बाइंडर एकटाच गेला. कोर्टाने समितीचे कान उपटले आणि त्याचा निकाल आठ आठवड्यांत द्या म्हणून बजावलं. सातव्याच आठवड्यात कागद त्याच्या हातात: डॉक्टरांचा हलगर्जीपणा.

मास्तर फणकारले. "पुस्तकं काय गुडघ्याने शिवतो तो?"

"तुम्ही शिवत होतात ना अंगठ्याने," वहिनी म्हणाल्या, "पण सहीच्या वेळी नाक आडवं आलं."

पुढच्या आठवड्यात बाइंडर पँट घेऊन आला. गुडघा वाकत नव्हता, एक पाय सैल करून हवा होता. मी माझा ड्रेस न्यायला गेले होते, ती मुद्दाम रेंगाळले. मास्तर खाली बसून डाव्या हाताने माप घेत होते. मान वर न करता पुटपुटले, "वकील कुठे बसतो रे तुझा?"

बाइंडरने पत्ता सांगितला. हसला नाही. मी हसले, तर वहिनींनी चिमटा काढला.

मास्तरांच्या अर्जावर कोर्टाने सहाच आठवडे दिले. बाइंडरपेक्षा दोन कमी, म्हणून दोन दिवस स्वारी खुशीत होती. आणि खरंच मुदतीत कागद आला. नस निष्काळजीपणाने कापली गेली, असं स्वच्छ लिहिलेलं. वहिनी रडल्या. मास्तर तो गल्लीला न दाखवता आधी तळमजल्यावर गेले.

"तुझा किती पानांचा होता?"

"अकरा."

मास्तरांनी आपली पानं पुन्हा मोजली. नऊ.

"माझ्यात गुडघ्याचे फोटो आहेत हो," बाइंडर समजूत घालत म्हणाला.

मास्तरांनी आपला ताठ अंगठा त्याच्यापुढे धरला. "माझा एकही काढला नाही त्यांनी."