अल क्वोजमधली ठेचा

“घुमी आहे हो, पण एका परीनं बरंच. तिथे कुणाच्या डोळ्यावर यायची नाही.”

मुंबई विमानतळावर ट्रॉलीच्या पलीकडे मीनलकाकू आईला सांगत होती. ती बाबांच्या चुलतभावाची बायको. सुट्टी संपवून दुबईला परत चालली होती आणि नव्या नोकरीसाठी निघालेल्या मला सोबत नेत होती. आई समाधानानं मान हलवत होती. माझ्याकडून अपेक्षा काय, तर दिसू नये.

मागे देशात राहिलेले तुम्ही विचारता, तिथे आपली माणसं आहेत ना? आहेत की. दुबई मरीनाच्या उंच टॉवरमध्ये त्यांनी आपली सोसायटी जशीच्या तशी थाटली आहे. तीच कुजबुज, फक्त एसीत. यांची मुलं इंग्लिशमध्ये उलट उत्तरं देतात आणि या बायका माझ्या मराठीला हसतात.

मी वाचले ती ऑफिसातल्या ग्रेसमुळे. ग्रेस मनिलाची, आमच्या अकाउंट्समध्ये. वीकेंडला ती दुबईच्या अल क्वोज या कारखान्यांच्या भागातल्या एका गोडाऊनमध्ये रोलर डर्बीची टीम चालवते. पायात चार चाकांचे स्केट्स, लंबगोल ट्रॅक. एकीनं विरुद्ध टीमच्या घोळक्यातून वाट काढायची, त्यांनी तिला खांद्यानं, कमरेनं आडवं पाडायचं. खेळायला प्रत्येकीनं नवं नाव घ्यायचं असतं. मी ‘ठेचा’ घेतलं. लालभडक हेल्मेट, हिरवे स्टॉकिंग्ज. लिफ्टमध्ये मजला सांगायलाही लाजणारी मी तिथे खुशाल लोकांच्या अंगावर जाते. सुरुवातीला नुसतीच आपटायचे. “खलास?” ग्रेस विचारायची. मी उठायचे. या सीझनला तिनं वाट काढायचं काम मला दिलं. पहिलीच मॅच अबू धाबीच्या टीमशी.

नेमका त्याच दुपारी इथल्या मराठी मंडळाचा महाराष्ट्र दिन. कुणीतरी काकूला माझा स्केट्सवरचा फोटो दाखवला होता. तिनं मला न विचारता कमिटीला शब्द दिला: नऊवारीत, स्केट्सवर, हातात भगवा घेऊन मी स्टेजभर गोल फिरणार, मागे लेझीम. अध्यक्षांनी पत्रिकेत ‘स्केटिंग नृत्य’ छापूनही टाकलं. ती नाही म्हणायचीच नाही, असं काकूनं त्यांना सांगितलं होतं. तोवर ते खरंही होतं.

तालमीला कमिटीच्या सगळ्या बायका काकूच्या हॉलमध्ये जमल्या होत्या. तिनं माझ्या हातात साडी ठेवली. “तुझ्या आईला व्हिडिओ पाठवू. किती बरं वाटेल तिला.”

आईला यातलं काहीच माहीत नव्हतं. फोनवर ती एकच म्हणते, ‘जमवून घे गं.’ इतकी वर्षं जमवूनच घेतलं. पण माझ्या अंगात जोर आहे हे जिथे माहीत असतं, ते घर. एवढंच मला आता कळतं. आणि ते इथे, या सोफ्यांवर, नाही. त्या पत्र्याच्या, घामट गोडाऊनमध्ये आहे. मॅच सोडली असती तर तेही गेलं असतं.

मी साडी काकूला परत दिली. सगळ्या बघत होत्या.

“त्या दिवशी माझी मॅच आहे, काकू. मी नाचत नाही, मी बायकांना धडक मारून पाडते. आईला व्हिडिओ त्याचा पाठव.”