वासाचा पंच

कोर्टासमोरच्या फुटपाथवर कोंडाजी बोरस्ते यांची टपरी होती. पान, विडी, काडेपेटी सगळं मिळायचं, पण खरा खप तपकिरीचा, आणि सगळ्यात मोठं गिऱ्हाईक खुद्द कोंडाजी. एक चिमूट डाव्या नाकपुडीत, एक उजव्या, मग दणदणीत शिंक, आणि त्यानंतर मग समोर उभ्या असलेल्या माणसाची चौकशी.

टपरीला परवाना नव्हता. होती ती कारभारी जमादारांची मेहेरबानी. जमादार जवळच्याच एका चौकीचे. हातभट्टीवर छापा घालायचा तर कायद्याला पंच लागतो. पकडलेल्या मालाचा वास घेऊन 'ही दारूच' असं सांगणारा प्रतिष्ठित नागरिक. प्रतिष्ठित नागरिक अशा वेळी नेमके गावाला गेलेले असतात. कोंडाजी कायम टपरीत. जमादारांनी हाक मारायची, कोंडाजींनी फळी लावायची आणि जीपमध्ये मागे बसायचं, असं चाललं होतं.

डबा उघडला की कोंडाजी आधी तपकीर ओढत. त्यानं नाक साफ होऊन वास पक्का कळतो, असा लोकांचा समज. मग ते वाकत, डोळे मिटत आणि भटजीनं मुहूर्त सांगावा तसं सांगत, "हातभट्टीचीच. पक्की." पुढे त्यांचा एवढा लौकिक झाला की सरकारी वकील त्यांना 'अनुभवी पंच' म्हणू लागले. प्रयोगशाळेचा अहवाल यायचा तोवर आरोपीची पोरं लग्नाला यायची. कोंडाजींचा अहवाल जागच्या जागी मिळे.

यातली गंमत फक्त अक्काबाईंना, त्यांच्या बायकोला, ठाऊक होती. कोंडाजींना वास येतच नसे. तपकिरीनं तो कधीच नेला होता. चुलीवर दूध करपून कोळसा व्हायचं आणि हे शेजारी बसून विचारायचे, "चहा होतोय वाटतं?"

"आणि तुम्ही शपथ घेऊन वास सांगता!" अक्काबाई म्हणायच्या.

"अगं, पोलीस काय ताक पकडायला जातात? पकडली म्हणजे दारूच. मी नुसतं हो म्हणतो."

"एकदा नाही म्हणून बघा की."

"टपरी उचलतील."

इथे संवाद संपायचा.

चौऱ्याहत्तर सालची गोष्ट. सरकारनंच देशी दारूची दुकानं उघडली होती, त्यामुळे पिणं हा गुन्हा की सरकारला मदत, हे कोणालाच धड सांगता येत नव्हतं. नदीकाठी झोपडीत राहणारी सुलाबाई गाळायची ती मात्र अजून गुन्ह्यातच होती. तिला पूर्वी शिक्षा झालेली, तीही कोंडाजींच्याच साक्षीवर. आता पकडली तर मोठा तुरुंग ठरलेला.

छाप्यात झोपडीच्या दारापाशी एक डबा सापडला.

"अहो, रॉकेल आहे ते!" सुलाबाई ओरडली. "रेशनच्या रांगेत मरून आणलंय!"

जमादार लांब उभे राहून शेजाऱ्याचा चहा पीत होते. पकडलेला माणूस असंच ओरडतो. कोणाची काकवी असते, कोणाचं गंगाजल.

"कोंडाजी?" त्यांनी लांबूनच विचारलं.

कोंडाजी वाकले, डोळे मिटले. "हातभट्टीचीच. पक्की."

"अरे मुडद्या, तोंडावर नाक हाय का शोभेचं खेळणं?" सुलाबाई कडाडली.

डबा धरणाऱ्या काळू शिपायाचाही चेहरा वाकडा झाला होता. पण पंचनामा आधीच लिहून तयार होता, आणि अनुभवी पंचापुढे शिपायाच्या नाकाला विचारतो कोण? डबा लाखेनं बंद झाला. नमुन्याची बाटली नेहमीप्रमाणे चौकीतच, तिथल्या ठेवणीतल्या दारूनं भरली. या पद्धतीमुळे प्रयोगशाळेचा अहवाल कधी चुकत नसे. याही वेळी तो आला, 'दारू'. शास्त्राचं आणि कोंडाजींचं पुन्हा एकदा एकमत झालं.

सुलाबाईचे वकील अन्सार मालेगावचे, अगदी नवे. खटल्याच्या दिवशी ते कोर्टात उठले आणि अदबीनं म्हणाले, "साहेब, पंच एवढे अनुभवी आहेत. डबा इथेच उघडावा आणि त्यांनी वास घेऊन सांगावं."

"जरूर!" सरकारी वकील हसले.

सील तुटलं. कारकुनानं खुर्ची मागे ओढली. मॅजिस्ट्रेटसाहेबांनी रुमाल काढला. दारातल्या एकानं पेटती विडी घाईघाईनं चपलेखाली घातली. कोंडाजींनी यातलं काही पाहिलं नाही. ते तपकीर ओढून, डोळे मिटून डब्यावर वाकले होते. डोळे उघडले तर भिंतीशी उभे असलेले जमादार दोन्ही हात जोरजोरात हलवत होते. कोंडाजींना वाटलं, सांगताहेत, डगमगू नकोस.

"हातभट्टीचीच, साहेब. पक्की. माल कडक आहे."

कोर्ट हसलं. अन्सार वकिलांनी खिशातून काडेपेटी काढली, कोंडाजींच्याच टपरीवरची. "मग ओढू का एक काडी?"

"वकीलसाहेब! ठेवा ती आत!" मॅजिस्ट्रेट जवळजवळ उभेच राहिले. मग कोंडाजींकडे वळून हळू आवाजात म्हणाले, "बाबा, तुम्हाला वास येतो का?"

खिडकीतून टपरी दिसत होती. 'सर्दी झालीय' हे शब्द कोंडाजींच्या ओठांवर आले होते. तेवढ्यानं भागलं असतं. जमादारही वाचले असते, फळीही. पण सुलाबाई आज शिव्या देत नव्हती. ती नुसती त्या डब्याकडे बघत होती, आणि पंचानं आजही पक्कीच म्हटलं हे तिला नवीन नव्हतं.

"नाही, साहेब," कोंडाजी म्हणाले. "कशाचाच नाही."

"कधीपासून?"

"लग्नाच्या आधीपासून."

"मग आजवरच्या सगळ्या खटल्यांत..."

"तुम्ही विचारायचात, दारू होती का? वास येतो का, हे आज पहिल्यांदा विचारलंत."

मॅजिस्ट्रेटसाहेब बराच वेळ चष्मा पुसत राहिले. त्यातल्या बऱ्याच शिक्षा त्यांच्याच सहीच्या होत्या.

सुलाबाई सुटली आणि लगेच म्हणाली, "आता माझं रॉकेल द्या." कारकून म्हणाला, "बाई, रॉकेलची नोंदच नाही. नोंद दारूची आहे, आणि दारू नष्ट करायची असते." डबा कोर्टामागच्या गटारात ओतला. तिथले डास मेले, एवढाच काय तो कायद्याचा जनतेला झालेला फायदा.

दोन दिवसांनी जमादार हातगाडी घेऊन आले.

"कोंडाजी, अतिक्रमण आहे."

"उचला."

उचलायचं तर पंचनामा हवा, पंचनाम्याला पंच हवा. समोरचे वकिलांचे कारकून, टायपिंगवाला, चहावाला, सगळे प्रतिष्ठित नागरिक क्षणात गावाला गेले. जमादारांनी इकडेतिकडे पाहिलं आणि सवयीनं कागद पुढे केला.

"कर रे कोंडाजी, सही."

कोंडाजींनीही सवयीनं पेन घेतलं. मग थांबले. खिशातून चष्मा काढून, आयुष्यात पहिल्यांदाच, पंचनामा वाचू लागले. लाकडी फळ्या, बरण्या, काडेपेट्या, सगळं बरोबर होतं. एका ओळीवर त्यांनी बोट ठेवलं. 'उग्र वासाची तपकीर मिळून आली.'

"हे 'उग्र वासाची' खोडा."

"आता त्यानं काय होणारे?"

"तेवढं मी नाही सांगू शकत."

जमादारांनी ते दोन शब्द खोडले. कोंडाजींनी सही केली, डावी-उजवी चिमूट ओढली, शिंकले, आणि हातगाडीला मागून हात लावला.