काचेमागचा नवरदेव

माझ्या मोठ्या भावाने संगीत दिलेले पहिले चित्रपटगीत मार्चमधल्या एका शनिवारी जळगावच्या स्टुडिओत रेकॉर्ड झाले. मी तेव्हा तिथल्या एका दैनिकात उपसंपादक होतो. शनिवार माझ्या सुट्टीचा वार, म्हणून गेलो.

भाऊ आधी धुळ्यात लग्नाच्या बँडमध्ये कीबोर्ड वाजवायचा. हा अहिराणी चित्रपट त्याला एका अटीवर मिळाला होता. निर्माते जळगावचे डाळमिलवाले. हळदीचे गाणे पसंत पडले तर बाकीची चार गाणी तुझी, नाही तर मुंबईहून माणूस आणू, असे त्यांनी सांगितले होते.

भावाने धुळ्याजवळच्या आमच्या गावातून काकू आणि तिच्या जोडीदारणी आणल्या. गावातली हळद त्यांच्याशिवाय होत नाही. माईकसमोर मात्र त्या शाळेतली प्रार्थना म्हणावी तशा गायल्या. पुन्हा घेतले, तरी तसेच. निर्माते मोबाइल पाहू लागले.

"काकू, काय व्हयनं?" भावाने विचारले.

"हळद कोनले लावनी ते तरी सांग," काकू म्हणाली. "नवरदेव नही, मंग चिडावानं कोनले?"

आमच्याकडे हळदीच्या गाण्यात समोर बसलेल्या नवरदेवाची थट्टा असते आणि बायका ती जागेवरच जुळवतात. भावाने ती कागदावर लिहून पाठ करायला दिली होती.

काकूने काचेकडे बोट दाखवले. पलीकडे रेकॉर्डिस्ट हेडफोन लावून बसला होता.

"त्यान्हं लगीन व्हयनं का?"

"नही. ठरेल शे," भाऊ म्हणाला.

"मंग भेटना नवरदेव. हळद आना."

निर्मात्यांनीच ड्रायव्हरला किराणा दुकानात पाठवले. हळद येताच बायका काचेपलीकडच्या खोलीत शिरल्या.

"अक्का, मशीनला नका लावू," गाल पुढे करत रेकॉर्डिस्ट एवढेच म्हणाला.

माईकसमोर परत येऊन काकूने कागदाची घडी कमरेला खोचली. भावाच्या चालीवर तिने पहिलीच ओळ नवी म्हटली : काचमांगला नवरदेव कान झाकी बठना. बाकीच्यांनी हसत ती उचलली. निर्माते खुर्चीच्या हातावर ठेका धरून होते.

तेच रेकॉर्डिंग चित्रपटात आहे. ओळ जुळावी म्हणून दिग्दर्शकाने नायकाला मोबाइलच्या दुकानात काचेमागे हेडफोन लावून बसवले. बाकीची चारही गाणी भावाने केली. रेकॉर्डिस्टचे लग्न मे महिन्यात वरणगावला झाले. त्याच्या हळदीला बँडने हेच गाणे वाजवले. गायला काकू होती.