मी काढलेलं तळं

घरं बांधण्याआधी बिल्डरला त्यांची चित्रं लागतात. ती मी काढायचो. जुने दरबारी चित्रकार राजवाडा मोठा करून वस्ती गाळत, तसंच आमचं. मानपाड्याच्या एका टॉवरच्या चित्रातून मी मागच्या कारखान्यांची धुराडी पुसली आणि नाल्याच्या जागी तळं काढलं. बिल्डर म्हणाला, अजून झाडं टाका. टाकली.

ते चित्र जाहिरातीत छापून आलं आणि बायकोने हट्ट धरला, घर घ्यायचं तर तिथेच. तळं खोटं आहे, हे तेव्हाच सांगायला हवं होतं. पण लग्नानंतर पहिल्यांदाच तिला माझं चित्र आवडलेलं. त्या कौतुकाला भुलून मी मूर्खासारखा गप्प बसलो.

आता आम्ही तिथेच राहतो. खिडकी उघडली की धुराडी दिसतात आणि नाल्याचा वास येतो. बायकोने भांडण केलं नाही. तिने खिडकीला जाड पडदा लावला आणि शेजारी ते चित्र फ्रेम करून टांगलं. पाहुणे हटकून विचारतात, हे कुठलं ठिकाण?

“यांना विचारा,” ती म्हणते. “मी तिथे कधी गेले नाही.”