आईनं रस्त्यात उभं राहून खाल्लं

मंडळी, आज संध्याकाळी मी सख्ख्या बहिणीवर जळले. खोटं कशाला बोलू?

आई सध्या धाकटीकडं बोस्टनला हाय. तिथं इटलीहून आलेल्या लोकांची जुनी वस्ती हाय. फिरायला आलेल्यांना एक गाईड गल्ल्यांतून चालवत नेतो आणि दुकानादुकानातलं खायला घालतो. धाकटी आईला घेऊन गेलती. तिथनंच तिनं व्हिडिओ कॉल लावला. बघते तर आई भर रस्त्यात उभी, हातात क्रीम भरलेली कुरकुरीत नळी आणि नाकाला क्रीम!

हीच आई! मी किती वर्षं मागं लागलेय, "चल, मिसळ खाऊन येऊ." दर वेळी एकच उत्तर, "मला बाहेरचं सोसत न्हाय."

मी भडकलेच. "आई, तिथलं बरं सोसतंय की!"

तिनं आधी नळी संपवली. मग म्हणाली, "अगं, हितं मला कोण वळखतंय? आपल्याकडं रस्त्यावर एक घास खाल्ला, तर घरी पोचायच्या आधी गल्लीभर हुतंय."

बहिणीवरचा राग गेला. आता त्या परक्या गल्लीवर जळतेय.

तुमची आई आपल्या गावात रस्त्यावर उभी राहून बिनधास्त खाते का ओ?